अकरा मिनिटं वजा

शनिवारी दुपारी तीन वाजून चाळीस मिनिटांनी सिउलागीने जगविक्रम मोडला. तीन वाजून बेचाळीस मिनिटांनी तो मोडलेला नव्हता.

मधल्या दोन मिनिटांत तिने फक्त रेकॉर्डिंग उघडून पाहिलं होतं. पडदा पहिल्यापासून शेवटपर्यंत काळाकुट्ट. आवाज मात्र ठणठणीत. आजीने मागच्या दारी डुकराला हासडलेली शिवी शब्दन् शब्द ऐकू येत होती.

‘पोस्टमन आणि ज्वालामुखी’ हा कॉम्प्युटरवरचा खेळ सगळ्यांत लवकर संपवण्याचा विक्रम सहा वर्षं नॉर्वेतल्या एका दातांच्या डॉक्टरकडे होता. एक्केचाळीस मिनिटं वीस सेकंद. सामोआत हा खेळ खेळणारी बहुधा सिउलागी एकटीच, आणि तिने चौदा सेकंद कमी घेतले होते. पण विक्रमांची यादी ठेवणाऱ्या समितीचा नियम सरळ होता. व्हिडिओ नाही, तर विक्रम नाही.

सोमवारी अपियाहून तिचं विमान होतं. न्यूझीलंडच्या बागांत सफरचंदं तोडायला, सात महिने. उद्या रविवार; त्या दिवशी गावात लॅपटॉप उघडायचा तो फक्त चर्चच्या प्रक्षेपणासाठी. आणि लॅपटॉपही चर्चचाच. ब्रिस्बेनच्या नातलगांनी भेट दिलेला, बटणांखाली सात रंगांचे दिवे लागणारा. स्तोत्रं दाखवायला एवढं दणकट यंत्र कशाला, असं पाद्रीबुवांनी कधी विचारलं नव्हतं, म्हणून कुणी सांगितलंही नव्हतं.

म्हणजे जे काय करायचं ते आजच, सात वाजता गायकमंडळी तालमीसाठी लॅपटॉप न्यायच्या आत.

तिने लाउलू मामांना बोलावलं. मामा गावच्या मताईंपैकी एक, म्हणजे पंचांतले. सभेतलं भाषण त्यांचं, आणि रविवारचं प्रक्षेपणही त्यांचंच.

“रविवारी तर कधी असं काळं येत नाही,” मामा म्हणाले.

“रविवारी खेळ नसतो, मामा.”

“मग खोट खेळातच आहे.”

लॅपटॉप बंद करून चालू केला. काळं. खेळ पूर्ण पडद्याऐवजी छोट्या खिडकीत लावला. काळं. रेकॉर्डर काढून टाकला आणि नव्याने घातला. तेच काळं, पण आता नवंकोरं. मामांनी झाकण मिटून, दोन मिनिटं थांबून, अदबीने उघडलं. उपयोग शून्य.

पाच वाजता सिउलागीला कारण सापडलं. लॅपटॉपच्या पोटात ग्राफिक्सच्या चिपा दोन. खेळ चालला होता ताकदवान चिपवर आणि रेकॉर्डर काटकसरी चिपवर. इकडचं तिकडे काही दिसतच नव्हतं.

“म्हणजे एका छपराखाली राहतात आणि एकमेकींचं तोंड बघत नाहीत,” मामा म्हणाले. “माझ्या दोघी बहिणी.”

“त्यातली एक माझी आई आहे, मामा.”

“म्हणून तर तुला सापडलं.”

तिने रेकॉर्डर उचलून ताकदवान चिपवर आणला. चाचणीच्या व्हिडिओत पोस्टमन उमटला. टोपी, थैली, सगळ्यासकट. आजी हात पुसत बघायला आली.

“हाच का तो?” ती म्हणाली. “किती वाळलाय गं. खायला देता की नाही?”

साडेपाच वाजून गेल्यावर सिउलागी पुन्हा खेळायला बसली. मामा, आजी, शेजारचे चौघे, सगळे मागे. सगळ्यांचे डोळे खेळातल्या घड्याळावर. भिंतीवर दुसरंही एक घड्याळ होतं, पण ते कुठलाही विक्रम करत नव्हतं.

बत्तिसावं मिनिट. पोस्टमन लाव्हावरच्या पुलाच्या मधोमध. आणि शंख वाजला.

संध्याकाळचा हा शंख वाजला की सगळं गाव हातातलं टाकून घरात बसतं आणि प्रार्थना करतं. गावातली तरणी पोरं रस्त्यावर उभे राहून बघतात, कोण चुकतंय ते. चुकणाऱ्याला दंड एक डुक्कर आणि दोन पेट्या डबाबंद मासे. दंड ठोठावणाऱ्यांत मामा.

सिउलागीने मामांकडे पाहिलं. मामांनी पोस्टमनकडे पाहिलं. क्षणभर त्यांना कुठलाच नियम आठवत नसावा.

“हात खाली,” ते शेवटी म्हणाले.

“मामा, हे घड्याळ थांबत नाही हो!”

“शंख तरी कुठे थांबतो?”

आजीची रोजची प्रार्थना सहा मिनिटांची. आज त्यात ऑकलंडची नातवंडं आली, सिडनीच्या बहिणीचे गुडघे आले, सोमवारचं विमान आलं, आणि सवड होती म्हणून पुढचंही आलं.

“प्रभू, तो पोरगा पुलावर एकटा उभा आहे, त्याला सांभाळ. आणि त्या नॉर्वेच्या डॉक्टरांचे हात दुसऱ्यांच्या तोंडात सुखरूप राहोत.”

“आमेन,” सगळे म्हणाले. सिउलागी जरा उशिरा म्हणाली.

अकरा मिनिटं झाली होती. तेवढा वेळ पोस्टमन मान खाली घालून जराही न हलता उभा होता. घरात सगळ्यांत शिस्तीचा तोच.

उरलेला खेळ ती अशी खेळली की शेजारच्यांनी श्वासदेखील वाटून घेतले. एकूण बावन्न मिनिटं तीन सेकंद. रेकॉर्डिंग उघडलं, पहिल्यापासून शेवटपर्यंत लख्ख. मामांनी बोटांवर अकरा वजा केले, पुन्हा केले, आणि उभे राहिले.

“लिही,” ते सभेतल्या आवाजात म्हणाले. समितीच्या पूर्वजांना आणि तिथल्या डोंगरांना वंदन करण्यात त्यांची वीस मिनिटं गेली; ती सिउलागीने लिहिलीच नाहीत. उरलं ते असं गेलं:

“सबब समितीस नम्र विनंती की, सोबतच्या चित्रफितीतील प्रार्थनेची अकरा मिनिटे एकूण वेळेतून वजा करण्यात यावीत. ते नियमात बसत नसल्यास, विद्यमान विक्रमवीर डॉक्टरमहाशयांना हा खेळ पुन्हा खेळून बत्तिसाव्या मिनिटास अकरा मिनिटे प्रार्थना करण्याचे आदेश व्हावेत. त्यांना प्रार्थना येत नसल्यास आमच्या मातोश्री येथून पाठविण्यात येतील. जाण्यायेण्याचा खर्च समितीने सोसावा.”