दुसरा टेक

"शॉट अप्रतिम होता, पण फोकस गेला," कॅमेरामन ओशाळून म्हणाला. "बाबा खडूच्या खुणेवर थांबलेच नाहीत."

बाबा दोन पावलं अलीकडेच थांबले होते. फरशी नुकतीच पुसली असेल, तिच्यावर पाय दिला तर तुझी आई ओरडेल, असं त्यांचं लेकीला सांगणं. आईला जाऊन आठ महिने झाले होते. बाबांच्या ते ध्यानातच राहत नव्हतं. त्याच विसरण्यावर लेक बारा मिनिटांची फिल्म करत होती, आणि बाबांचं काम बाबांनीच करायचं हा हट्टही तिचाच. कुठल्याही नटाला हे सात जन्मांत जमणार नाही, असं ती छातीठोकपणे सांगायची. आणि ते खरंच होतं.

शेवटचा शॉट तसा साधा. बाबा खोलीत येतात, रिकामी खुर्ची बघतात आणि आई कुठे आहे ते विचारतात. कॅमेऱ्याशेजारी बसलेली लेक खरं ते सांगते. मग फक्त बाबांचा चेहरा. मघाशी तो चेहरा बघून मेकअपवाली उठून बाहेर गेली होती. लेक जागची हलली नव्हती. आई गेली तेव्हाही डॉक्टर, नातेवाईक, कागदपत्रं, सगळं हिनेच निस्तरलं होतं. हिच्या डोळ्यांत पाणी कसं नाही, म्हणून नातेवाइकांत कुजबुजही झाली होती.

"मग आता?" कॅमेरामनने विचारलं.

"मग काय? परत घ्यायचा. बाबा चहा पिऊन खुशीत आहेत. मघाचं त्यांना काहीच आठवत नाहीये." बोलून गेल्यावर तिला स्वतःचाच राग आला. पण शॉट तर हवाच होता.

कॅमेरा सुरू झाला. बाबा आले. या वेळी बरोबर खुणेवर थांबले. खुर्चीकडे बघून हसले.

"तुझी आई कुठंय गं?"

लेकीला एकच वाक्य म्हणायचं होतं, मघाशी म्हटलेलंच.

"बाजारात गेलीय, बाबा. येईल इतक्यात."

कॅमेरामनने चमकून तिच्याकडे पाहिलं. बाबांनी समाधानाने मान डोलावली. खुर्ची जरा सरळ केली. मग खूणबीण सोडून ते थेट लेकीजवळ आले आणि शर्टाच्या बाहीने तिचे डोळे पुसू लागले.

"अगं, बाजारातच गेलीय ना ती? मग रडतेस कशाला, वेडाबाई?"