आलं की सांगा

बाहेर ताटकळणाऱ्या माणसांना वळसा घालून मुकुंदराव कुमुदचा हात धरून थेट संग्रहालयात शिरले. रांग टाळायची तिकिटं त्यांनी हट्टानेच काढली होती. उन्हात उभं राहून बायकोची उरलीसुरली नजरही जाईल, अशी धास्ती त्यांनी घेतली होती.

इथल्याच एका चित्राची छापील प्रत दाखवून कुमुदने जन्मभर शाळेत चित्रकला शिकवली. "खरं चित्र बघेन ते अनवाणी," ती म्हणायची. "देवापुढे कुणी चपला घालून उभं राहतं का?"

"दिसतंय ना नीट?" मुकुंदराव वाटभर विचारत होते.

"दिसतंय हो," ती सांगत होती.

अखेर दोघं चित्रासमोर येऊन उभी राहिली. चित्रातल्या बाईचा निळा पदर भिंतीवर झळकत होता. मुकुंदराव मात्र कुमुदच्या चेहऱ्याकडे बघत राहिले. तिथे काहीच उमटेना.

थोड्या वेळाने ती त्यांच्याकडे वळली आणि तिने त्यांची बाही हलकेच ओढली. "अहो, चित्र आलं की सांगा हं. चपला काढायच्यात."

मुकुंदराव गुडघे टेकून खाली बसले आणि तिच्या चपलांचे बंद सोडू लागले.

पहिला बंद सुटताच कुमुदने हात जोडले, शेजारच्या रिकाम्या भिंतीकडे.