दुसऱ्या राज्याचा किताब

यशदीपनं शरीरसौष्ठवाचा 'मध्यप्रदेश श्री' किताब जिंकला आणि वर्षभरात छत्तीसगड वेगळं झालं. खेळाडूंच्या कोट्यातली नोकरी मागायला तो रायपूरच्या कचेरीत गेला, तर बाबूनं प्रमाणपत्र परत सरकवलं. "भैया, ये तो दूसरे राज्य का है."

सिलतऱ्याच्या कारखान्यात पाळ्या करून पस्तिशीत त्यानं पुन्हा शरीर कमावलं. बायको सरिता कळवळून विचारायची, "काहून एवढे इंजेक्शन टोचून राहिले?"

"एकदा नोकरी लागू दे, मंग एकबी नाही घेत."

तो 'छत्तीसगड श्री' झाला, नोकरीही मिळाली. उरली फक्त वैद्यकीय तपासणी. डॉक्टरांनी त्याचे दंड कौतुकानं पाहिले, मग रक्ताचा रिपोर्ट वाचला आणि सोबत आलेल्या सरिताकडे वळले.


"ताई, नोकरीचं राहू द्या. यांना किडनी देणारं घरात कोणी आहे?"