माणसाची तहान

दुष्काळात पैठणकडच्या विहिरी आटल्या, पण सुगंधाबाईच्या विहिरीला पाणी टिकून होतं. जरा मचूळ, पण इमानी. एक दिवस पुतण्या खंडेराव टँकर घेऊन दारात आला.

"काकू, तुझी लेक ऱ्हाती त्या शहरातल्या गारखेड्यात नळाला पाणी नाय. लेकरं तहानलीत."

तिची मेंढरं अन् टँकर, दोन्हींना पुरंल एवढं पाणी नव्हतं. "मुक्या जितराबापरीस माणसाची तहान मोठी," म्हणत तिनं मेंढरं बाजारात धाडली अन् विहीर त्याला मोकळी करून दिली. त्यानं पैशाचं काढलं तशी ती उखडलीच. "पाणी काय इकायची चीज हाय व्हय रे?"

रंगपंचमीला ती लेकीकडं गेली. सोसायटीच्या मैदानात डीजे दणाणत होता, मंडपावर बांधलेल्या पाइपांतून धो धो पाणी कोसळत होतं, अन् चिंब भिजलेली नात सृष्टी तिचा हात ओढत होती, "आज्जी, चल ना, पाऊस पडायलाय!"

 

मंडपामागं उभा असलेला खंडेरावचा टँकर तिला नंतर दिसला. ओठांवर उडालेल्या थेंबाची मचूळ चव तिनं आधीच ओळखली होती.