पहिल्या ग्लासाचा मान

ओदिलनं ग्लास नाकाशी नेला आणि डोळे मिटले. काहीच आलं नाही. थंड काच तेवढी नाकाला लागली.

समोर पाहुणे वाट पाहत होते. शँपेनच्या मळ्यांची एक दिवसाची सहल म्हणून सकाळी तिनंच त्यांना शहरातून गाडीत घालून आणलं होतं. लियोंचं एक जोडपं, एक निवृत्त शिक्षिका आणि तिच्या दोन मैत्रिणी. टेबलाशी मळ्याचा मालक फिर्मां बाटली धरून उभा होता. या घरात पहिला ग्लास एकानं चाखायचा, त्यानं मान डोलावली की मग सगळ्यांना ओतायचं. हा मान घरच्या कर्त्या पुरुषाचा. यंदा मात्र फिर्मांनं तो आपण होऊन ओदिलला दिला होता. ‘‘या खोऱ्यात हिच्यासारखं नाक नाही,’’ असं तो पाहुण्यांना दर वेळी सांगायचा.

‘‘हिरवं सफरचंद,’’ ती म्हणाली. ‘‘आणि मागून जरासा बदाम.’’

शब्द पाठच होते. नाताळात ताप आला, तो उतरला आणि जाताना वास घेऊन गेला. कॉफी म्हणजे गरम पाणी झालं. वास न येणाऱ्या गाईडला कामावर कोण ठेवणार? म्हणून ती गप्प राहिली. ईस्टरच्या आधीचे उपासाचे दिवस चालू होते. तिनं नेमानं गोड सोडलं होतं. खोटं मात्र रोज बोलत होती.

‘‘बदाम कुठाय?’’ फिर्मांनं सगळ्यांना ओतताच लियोंच्या गृहस्थांनी ग्लासात डोकावून विचारलं.

‘‘गप्प बसा हो,’’ त्यांची बायको म्हणाली. ‘‘घरी लसूण करपला तरी तुम्हाला कळत नाही. शिका जरा बाईंकडून.’’

सगळे हसले. गुलाबी बिस्किटांची बशी फिरू लागली. तेवढ्यात फिर्मांनं ओदिलला डोळ्यानं खूण केली आणि तो तळघराच्या पायऱ्या उतरू लागला.

खाली गारठा होता. फिर्मांनं मोठ्या टाकीची तोटी सोडून काचेच्या सुरईत वाइन घेतली आणि थोडी तिच्या ग्लासात ओतली.

‘‘उद्या सकाळी बाटल्या भरायची गाडी येतेय. एकदा बुचं बसली की माझ्या हातात काही उरत नाही. अख्खं वर्ष या एका टाकीत आहे, ओदिल. शेवटचं एकदा बघ. कुठं बुरशीचा वास लागतोय का?’’

ती ग्लास हुंगत राहिली. ‘छान आहे’ हे शब्द ओठांवर आले. मग तिनं त्याच्याकडे पाहिलं. चर्चमध्ये पाद्री प्रसादाचा पाव वर उचलतो, तेव्हा म्हातारे जसे बघतात, तसा तो तिच्याकडे बघत होता. त्या नजरेपुढे तिला खोटं बोलवेना. तिनं ग्लास पिंपावर ठेवला.

‘‘फिर्मां, मला वास येत नाही.’’

‘‘म्हणजे बुरशी नाही?’’

‘‘म्हणजे काहीच येत नाही. नाताळापासून. वर जे बोलते ते सगळं पाठ केलेलं. मला माफ करा.’’

तो ओरडेल असं तिला वाटलं होतं. तो उलट्या पेटीवर हळूच बसला.

‘‘मागच्या आठवड्यात मी तुला कोपऱ्यातल्या टाकीबद्दल विचारलं होतं,’’ तो म्हणाला. ‘‘तिचं झाकण थंडीत उघडं राहिलं होतं. मला शंका होती.’’

‘‘हो.’’

‘‘उत्तम आहे म्हणालीस.’’

‘‘म्हणाले.’’ तिनं पिंपावरचा ग्लास मागे सरकवला. ‘‘तुम्हाला तेच ऐकायचं होतं, असं वाटलं मला.’’

‘‘तीही ओतली मी यात.’’

वरून हसण्याचा आवाज येत होता.

‘‘पण तुम्ही स्वतः चाखलीच असेल ना?’’ ओदिलनं घाईघाईनं विचारलं. ‘‘फिर्मां, तुमच्यासारखा माणूस न चाखता कसा ओतेल?’’

फिर्मां तिच्याकडे बघून कसनुसं हसला.

‘‘मला वास येत असता, तर पहिला ग्लास तुझ्या हातात कशाला दिला असता, पोरी? तुझ्यासारखाच ताप मलाही आला होता.’’

‘‘मग गावात कुणाला तरी बोलवायचं! तुमचा शेजारी...’’

‘‘शेजारी? रविवारी चर्चच्या दारात बातमी झाली असती. फिर्मांचं नाक गेलं. मग माझी वाइन तरी कुणी घेतली असती का?’’

तो उठला. भिंतीला हात टेकून त्यानं श्वास घेतला. मग सुरई उचलली आणि पायऱ्या चढू लागला. ओदिल त्याच्या मागे धावली. ‘‘अहो, काय करताय? पाहुणे आहेत ते!’’

‘‘नाकं आहेत ना त्यांना?’’

वर येऊन त्यानं सगळ्यांच्या रिकाम्या ग्लासांत थोडी थोडी ओतली. थोडी टेबलावर सांडली.

‘‘मंडळी,’’ तो म्हणाला, ‘‘ही अजून बाटलीत गेलेली नाही. मला खरं सांगा. कसा वास येतो? वाईट असला तर वाईट म्हणा. भिडेला पडू नका.’’

पाहुणे एकदम गंभीर झाले. सगळ्यांनी ग्लास नाकाशी नेले. लियोंच्या गृहस्थांच्या कपाळाला आठी पडली. त्यांनी बायकोकडे पाहिलं, बायकोनं शिक्षिकेकडे. शिक्षिकेनं पुन्हा एकदा हुंगलं, नाक किंचित मुरडलं, काहीतरी बोलायला तोंड उघडलं आणि मिटलं. मग ग्लास अदबीनं खाली ठेवून ती ओदिलकडे वळली.

‘‘आधी तुम्ही सांगा ना, बाई,’’ ती म्हणाली. ‘‘तुमच्यापुढे आम्ही काय बोलणार?’’