खांबेट्यांची चुकीची फाईल

आयकराच्या सुनावणीला खांबेट्यांनी चुकीची फाईल आणली होती, आणि दीपमालेच्या ते लक्षात येईपर्यंत फाईल अधिकारी बाईंच्या हातात गेलीही होती.

"मी निर्यातीची फाईल मागितली होती," बाई म्हणाल्या. "हे काय आहे?"

"अरेच्चा." खांबेट्यांनी चष्मा काढून पुसला. "गठ्ठ्यात कुठून तरी आलेलं दिसतंय. द्या परत."

बाईंनी परत दिली नाही. त्या एकेक पान उलटू लागल्या.

दीपमाला गजभिये वाघोलीजवळच्या पंपांच्या कारखान्यात कर विभाग सांभाळायची; खांबेटे तिच्या हाताखालचे जुने कारकून. कारखान्याची मालक कंपनी जर्मनीत होती. पंपातलं गळती रोखणारं सील यायचं व्हिएतनामहून, तेही याच मालकाच्या दुसऱ्या कारखान्यातून. कायदा असा, की एकाच घरातल्या दोन कंपन्यांनी एकमेकींना परक्या गिऱ्हाइकाचाच भाव लावायचा. नाहीतर एका देशातला नफा गुपचूप दुसऱ्या देशात जातो. पुण्याला एक सील एकोणीसशे रुपयांना पडायचं. परक्याला कितीला? परक्याला आम्ही विकतच नाही, असं व्हिएतनामने लेखी कळवलं होतं. त्याच भरवशावर दीपमालेने दोन वर्षं खिंड लढवली होती.

आणि आता बाईंसमोर चौदा बिलं होती. तेच सील, व्हिएतनामने तुर्कस्तानातल्या एका कंपनीला विकलेलं, भाव साडेअकराशे.

"हे गिऱ्हाईक बाहेरचंच ना?"

खोटं बोलणं दीपमालेला कधी जमलं नव्हतं. "तसंच दिसतंय, मॅडम."

बाहेर पडल्यावर खांबेटे म्हणाले, "चहा घेऊ या."

"काका, आपण हरलो."

"हरलो ते हरलो. चहाने काय वाकडं केलंय आपलं?"

स्वारगेटच्या कोपऱ्यावर उभ्याने चहा घेताना तिने विचारलं, ती बिलं आली कुठून. व्हिएतनामच्या कागदांबरोबर आली असतील, म्हणाले. वय झालं, हल्ली काही लक्षात राहत नाही. मग त्यांनी चहावाल्याला तीन रुपयांचा हिशेब चुकल्याचं सांगितलं आणि ते तीन रुपये परत घेतले.

निकाल विरुद्ध लागला. पुण्याने सील फार महाग घेतलं, त्यामुळे पुण्याचा खरा नफा झाकला गेला, असं बाईंनी बावीस पानांत लिहिलं. कराचा आकडा वाचून दीपमालेचे वरिष्ठ अनिरुद्ध यांनी दुपारचा डबा तसाच मिटून ठेवला. अपिलाला तोंड नव्हतं. बिलं घरचीच होती. दीपमालेची सिंगापूरची बढती ठरल्यात जमा होती, त्या बढतीचं नाव कुणी पुन्हा काढलं नाही.

जर्मनीने खांबेट्यांकडून लेखी खुलासा मागवला. तिला राग होताच, पण पाच महिन्यांवर निवृत्ती आलेल्या माणसाला उघड्यावर सोडणं तिच्याने होईना. मजकूर तिनेच लिहून दिला.

"'नजरचूक' एकच शब्द ना, की तोडून?" खांबेट्यांनी विचारलं.

"सही करा, काका."

त्यांनी वळणदार सही केली आणि खाली तारीखही घातली.

निकालामुळे एक गोष्ट मात्र करावीच लागली. एप्रिलपासून सीलचा भाव साडेअकराशेवर आला.

कारखाना तीन वर्षं तोट्यात होता. निदान वह्या तसं म्हणत होत्या. दिवाळीनंतर तो बंद करून यंत्रं व्हिएतनामला हलवायची, असा मालकांचा बेत होता. जोडणी विभागातला बजरंग दीपमालेला भेटेल तिथे अडवायचा. "म्याडम, रोज दोनशे पंप भायेर जात्यात. मग तोटा येतो कुठनं?" वह्यांत तसंच आहे, एवढं म्हणून ती पुढे सरकायची.

जूनअखेर तिमाहीचे आकडे आले. अनिरुद्ध यांनी ते तीनदा तपासायला लावले. पुणे नफ्यात होतं, आणि तोही थोडाथोडका नाही. जर्मनीत दोन बैठका झाल्या. कमावणारा कारखाना कोण बंद करतो? बेत गुंडाळला गेला. त्या दिवशी बजरंगने कॅन्टीनमध्ये कारखान्यातल्या सगळ्या तीनशे दहा माणसांना जिलेबी वाटली आणि दीपमालेच्या टेबलावर वेगळा पुडा आणून ठेवला.

"तुमच्यामुळंच झालं म्हणत्यात."

"माझ्यामुळे?" ती हसली. "मी तर हरले होते."

ऑगस्टमध्ये खांबेटे निवृत्त झाले. शाल झाली, श्रीफळ झालं, भाषणंही झाली. अनिरुद्ध यांनी भाषणात फायलींच्या गोंधळाचा एक हलका चिमटा काढला. सगळे हसले, खांबेटेही हसले. फाटकापाशी दीपमाला त्यांना म्हणाली, "काका, तुमची चूक पथ्यावर पडली बघा सगळ्यांच्या."

"होतं असं कधीकधी," ते म्हणाले. "तू मात्र फायलींवर नावं नीट घालत जा. माझ्यासारखं नको." आणि कोथरूडची बस धरायला ते झपाझप निघून गेले.

दुसऱ्या सोमवारी त्यांच्या नावावर येणारी पत्रं दीपमालेकडे वळवण्यात आली. बहुतेक रद्दी होती. एक तेवढं तुर्कस्तानहून होतं. सील घेणाऱ्या त्या कंपनीच्या हिशेबनिसाने इंग्रजीत सरळसाध्या चार ओळी लिहिल्या होत्या:

"प्रिय श्री. खांबेटे, आपण सात महिने दर आठवड्याला न चुकता पत्र लिहीत होता, आणि आता बऱ्याच दिवसांत आपलं एकही पत्र नाही, म्हणून काळजी वाटली. सुनावणीआधी पोचावीत म्हणून ती चौदा बिलं मी शिक्के मारून आपल्या घरच्या पत्त्यावर पाठवली होती. तुमची ती तीनशे दहा माणसं अजून कामावर आहेत ना?"