हसरी आणि रडकी

सहायक दिग्दर्शिकेनं हसरीच्या मनगटात लाल रबर बँड अडकवला, रडकीच्या मनगटात पिवळा. "आता काही घोळ होणार नाही," ती म्हणाली आणि दोघींना मेकअप रूममध्ये नेऊन बसवलं. त्यांची आई बाहेर प्लॅस्टिकच्या खुर्चीवर अंग चोरून बसली होती. सकाळपासून तिच्या घशाखाली पाण्याचा घोटही उतरला नव्हता.

मुली जुळ्या. मालिकेतली एकच पोर दोघी मिळून करायच्या. लहान मुलांना फार वेळ राबवता येत नाही, म्हणून ही सोय. एक दमली की दुसरी उभी. पुढे त्यातही वाटणी झाली. एकीला पटकन हसू फुटायचं, दुसरीच्या डोळ्यांत टचकन पाणी यायचं. सेटवरच्या लोकांनी बारसं उरकून टाकलं, हसरी आणि रडकी. मालिका घरोघरी पोचली आणि आता सिनेमा चालून आला होता. पण सिनेमाला हवी होती एकच.

"पोस्टरवर एकच चेहरा लागतो, ताई," दिग्दर्शक म्हणाला होता.

"चेहरा एकच आहे की हो," आई म्हणाली होती. कुणी हसलं नाही.

निवडलेलीला घेऊन आईनं शूटिंग संपेपर्यंत परगावी राहायचं, दुसरीनं मावशीकडे. हे मुलींसमोर कुणी बोललं नव्हतं. पण भिंतीलाही कान असतात, आणि त्या घरात तर आणखी चार होते.

एकेकीनं बाहेर यायचं, कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं, परत आत जायचं. आधी दोघींनी हसायचं, मग दोघींनी रडायचं. "रडण्याकडे नीट बघ," दिग्दर्शक कॅमेरामनला म्हणाला. "हसायला काय, कुणालाही हसवता येतं. या पोरीला अर्धा सिनेमा रडायचंय." मेकअप रूमचं दार नीट लागत नव्हतं.

लाल बँडवाली आली. अशी हसली की कॅमेरामनलाही हसू आलं. मग पिवळी आली, आणि तीही तितकीच खळखळून हसली.

"अरेच्चा! रडकीला हसता येतं?" दिग्दर्शक म्हणाला.

आईनं तिच्या खांद्याकडे पाहिलं. हसताना डावा खांदा उचलणारी तिची एकच मुलगी होती. बँड कुठल्याही रंगाचा असो, दोन्ही वेळा बाहेर आली ती हसरीच.

आता रडणं. लाल बँड पुन्हा समोर आला आणि आईनं डोळे मिटून घेतले. बघायची गरजच नव्हती. रडण्याआधी नाकानं ओढलेला तो श्वास तिनं झोपेतही ओळखला असता. थोड्या वेळानं पिवळा बँड आला. पुन्हा तोच श्वास, पुन्हा तेच डोळे भरून आले. सहायक दिग्दर्शिकेनं स्वतःचं नाक पुसलं.

सांगावं तर हसरी गेली. न सांगावं तर ही सगळ्या माणसांची फसवणूक. आई मूग गिळून बसली. दोघी पास झाल्या तर दोघींनाही घेतील, एवढाच पोरींचा हिशोब असणार. कोण जाणे, जमेलही, असं तिला वाटून गेलं.

दोघी हातात हात घालून बाहेर आल्या.

"वा!" दिग्दर्शक म्हणाला. "दोघींनाही दोन्ही येतं. माझी काळजीच मिटली."

हसरीनं बहिणीचा हात दाबला.

"म्हणजे कुणीही एक चालेल. ताई, तुम्हीच सांगा कुठली ते. पण पटकन, लाइट लावून माणसं खोळंबलीत."

आई उठून उभी राहिली. दोन सारखे चेहरे तिच्याकडे बघत होते. आपण आता काहीही बोललो तरी यातला एक चेहरा ते जन्मभर विसरणार नाही, हे तिला कळत होतं.

"आई, तू नको ना सांगूस," हसरी कळवळून म्हणाली.

"सांगा, ताई."

रडकीनं आपला हात सोडवून घेतला. एक पाऊल पुढे आली.

"रडले ती मीच," ती म्हणाली. "दोन्ही वेळा मीच होते. हिला रडता येत नाही."

आईला रडकीचा संताप आला, आणि त्याच क्षणी हायसंही वाटलं, आपल्याला बोलावं लागलं नाही म्हणून. त्या हायसं वाटण्याची तिला इतकी लाज वाटली की हसरीकडे बघायचा तिला धीर होईना.

दिग्दर्शक खुर्चीतून पुढे झुकला. ही असली पोर त्याला हवीच होती, ते त्याच्या तोंडावर दिसत होतं.

"नाव काय गं तुझं? खरं नाव?"

इतक्या दिवसांत त्यानं दोघींपैकी कुणालाही ते विचारलं नव्हतं. रडकीनं तोंड उघडलं, पण आता मात्र तिचा आवाज फुटेना. तिनं मागे वळून बहिणीकडे पाहिलं.

तेव्हा हसरीनंच तिचं नाव सांगितलं, आडनावासकट, पार मागच्या माणसांनाही ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं.